तुमच्या भट्टीपेक्षा थंड

अण्णा, मागच्या महिन्यात मी ज्वालामुखी पाहिला. भूगोलाच्या पुस्तकातला नाही, खरा, जळता. आणि तो उसळायच्या आधी, त्याच्या काठावर बसून, एका बाईंना मी ती गोष्ट सांगितली जी खरं तर तुम्हाला सांगायची होती. तुम्ही चार वर्षं रोज समोर होता, तरी सांगितली नाही. तीच आधी लिहून टाकतो, नाहीतर समुद्र, डोंगर, विमान असं वर्णन करत मी ती पुन्हा टाळीन. माझा स्वभाव तुम्हाला ठाऊक आहे. त्या खंडेनवमीला, फाउंड्रीत लोखंडाचा रस ओतायचा तुमचा साचा ओला राहिला नव्हता. ओल माझ्यामुळे आत गेली. मी ती डोळ्यांनी पाहिली आणि वर कोरडी वाळू टाकून झाकली.

मी अमेरिकेत आहे हे तुम्हाला कळायचं कारण नाही. तुम्ही गेलात तेव्हा मी लग्नाच्या आचाऱ्याकडे कामाला होतो, पुढे तिथेच चार वर्षं राहिलो, आणि मग मामांनी बोलावून घेतलं. मामा मॉरिसव्हिलजवळच्या देवळात पूजा सांगतात; मी त्याच देवळाच्या स्वयंपाकघरात असतो. रोजचा नैवेद्य, शनिवार-रविवारचा महाप्रसाद, कोणाच्या घरचं सत्यनारायणाचं जेवण. माणसं पुण्या-मुंबईची, नागपूरची, बहुतेक कॉम्प्युटरवर काम करणारी. त्यांची पोरं माझ्याशी इंग्रजीत बोलतात, मी मराठीत उत्तर देतो, आणि आमटी तिखट झाली आहे एवढं दोघांनाही कळतं. मला इथे सगळे 'महाराज' म्हणतात. अकरावीत शाळा सोडलेल्या, सव्वीस वर्षांच्या माणसाला महाराज म्हणतात हे ऐकून तुम्ही मिशीत हसला असता. मी गॅसची बटणं तीनदा तपासतो. बटाट्याची प्रत्येक फोड कोरड्या फडक्याने टिपल्याशिवाय तेलात सोडत नाही. कढईत पाण्याचा थेंब पडून तेल उडालं की बाकीचे लोक नुसते मागे सरतात. मी गॅस बंद करून सगळ्या फोडी पुन्हा टिपायला घेतो. म्हणून माझी भजी सगळ्यात उशिरा तयार होतात. देवळातल्या मंडळींना वाटतं, मुलगा स्वच्छतेचा भोक्ता आहे.

तो दिवस तुम्हाला आठवत असणार, पण तुमच्या बाजूने. मी माझ्या बाजूने सांगतो. हत्यारं धुऊन पुसून मांडलेली आहेत, रस ओतायच्या मोठ्या लॅडलला, त्या लांब दांड्याच्या लोखंडी पळीला, झेंडूची माळ आहे, भट्टीच्या अंगावर हळदीकुंकवाची बोटं. घरच्या माणसांनी फाउंड्रीत यायचा वर्षातला तो एकच दिवस, त्यामुळे बायका नव्या साड्यांचे पदर काळ्या वाळूपासून सांभाळत उभ्या आहेत. आपल्या कारखान्यात पूजेनंतर मुहूर्ताचा एकच साचा ओतायची रीत होती, आणि तो साचा दर वर्षी तुमच्याच हातचा असायचा, कारण बावीस वर्षांत तुमच्या साच्यातून रस कधी ओलीमुळे उलटा उसळला नव्हता. त्या वर्षी इंजिनाचं चाक होतं. दोन दिवस तुम्ही त्या साच्याला शेगडीचा शेक देऊन वाळवलं होतं, आणि आदल्या रात्री जेवताना आईला सांगत होतात की आत हात घातला तर तव्यावर ठेवल्यासारखा वाटतोय. मी दहावीत होतो. सगळ्यांसमोर तुम्ही म्हणालात, "यंदा नारळ माझा पोरगा फोडंल."

नारळ भट्टीच्या दारातल्या लोखंडी ठोकळ्यावर फोडायचा असतो. साचा तिथून पाच-सहा पावलं लांब. पहिल्या घावाला फुटला नाही. दुसऱ्यालाही नाही. कोणीतरी म्हणालं, भात खाऊन आला न्हाईस काय रं, आणि बायका हसल्या. तिसऱ्यांदा मी डोळे मिटून मारला. नारळ फुटला, पण एक वाटी हातातून निसटून पाण्यासकट उडाली आणि साच्यापाशी जाऊन पडली. मी धावत जाऊन ती उचलली. साच्याच्या तोंडाशी, जिथून रस आत जातो तिथेच, एक गडद ओला डाग होता आणि बघता बघता तो आत जिरत होता. फक्त म्हणायचं होतं, अण्णा, पाणी गेलं. मागे लोक अजून हसत होते. मी मूठभर कोरडी वाळू त्या डागावर टाकली, हाताने सारखी केली, आणि वाटी घेऊन आईशेजारी जाऊन उभा राहिलो. मग दोघांनी लॅडल आणली आणि तुम्ही ती कलती केलीत.

आवाज मोठा झाला नाही, एवढंच मला आधी जाणवलं. कोणीतरी जोरात श्वास सोडावा तसा झाला, आणि आत गेलेला रस मूठभर परत वर आला, तुमच्या उजव्या हातावर आणि चेहऱ्यावर. तुम्ही ओरडला नाहीत. लॅडल सरळ केलीत, ती नीट खाली टेकल्याची खात्री केलीत, आणि मगच बसलात.

एक डोळा गेला. हात वाचला, पण बोटं मिटेनात. मालकांनी तुम्हाला गेटवर बसवलं. कोणी विचारो न विचारो, आल्यागेल्याला तुम्ही सांगायचात, "माझीच चूक. साचा वला ऱ्हायला." पुढे मालकांनी भिंतीवर सूचनेची पाटी लावायचं ठरवलं, तेव्हा तुम्ही मोठ्या कौतुकाने त्यांना म्हणालात, माझ्या पोराचं अक्षर चांगलं हाय. ती पाटी मी रंगवली. 'ओतण्यापूर्वी साच्यातील ओल तपासावी.' ऱ्हस्व-दीर्घ चुकू नये म्हणून शाळेचं पुस्तक उघडून पाहिलं होतं. तुम्ही उरलेल्या डोळ्याने एकेक अक्षर लावत ती वाचलीत आणि म्हणालात, बरोबर हाय. तेव्हा आपण दोघंच होतो, ब्रश माझ्या हातात होता, सांगता आलं असतं. पुढच्या वर्षी मी शाळा सोडली. घरात दोन पैसे यावेत म्हणून, असं मी सगळ्यांना सांगितलं. ते निम्मं खरं होतं. शाळेचा रस्ता तुमच्या गेटवरून जायचा.

आता हवाई बेटाचं सांगतो. देवळात येणाऱ्या निवृत्त मंडळींचा एक अकरा जणांचा गट आहे. ते सहलीला कुठेही गेले तरी आपला आचारी बरोबर नेतात, कारण तिसऱ्या दिवशी सँडविच खावं लागलं की नवरा-बायकोत भांडणं होतात, असा त्यांचा अनुभव आहे. या वेळी मला नेलं. पाच दिवस, त्यातला एक दिवस ज्वालामुखीचा, गाडी आणि गाईड आधीच ठरवलेली. मला कळलं तेव्हा मी मामांना म्हणालो, दुसरं कोणीतरी पाठवा. मामा म्हणाले, तुला कुठे त्याच्यात उतरायचंय, पोहे कर आणि लांबून बघ. मी आठ दिवस आधी सामानाची यादी केली, कुकरची जास्तीची शिट्टी आणि रिंग धरून, आणि विमानात ती इतक्या वेळा वाचली की शेजारच्या काकांनी विचारलं, परीक्षा आहे का रे कसली. हे काका गटाचे म्होरके. मोठ्या कंपनीत इंजिनिअर होते. सगळ्या गोष्टी फोनवर मोजतात आणि सगळ्यांची थट्टा करतात.

गटातल्या सगळ्यात वयस्कर काकू मूळच्या नागपूरच्या. हिलो गावात आम्ही भाड्याच्या घरात उतरलो त्याच दिवशी त्या बाजारात गेल्या आणि एक नारळ घेऊन आल्या. खण त्यांनी मॉरिसव्हिलहूनच आणला होता. त्यांनी कुठेतरी ऐकलं होतं की इथला ज्वालामुखी म्हणजे देवी आहे, आणि देवीच्या दारी रिकाम्या हाताने कसं जायचं. काका म्हणाले, काकू, तो सरकारी पार्क आहे, पार्कवाले फाइन मारतील. काकू म्हणाल्या, मारू दे, फाइनपायी ओटी ठेवता का बाकी. मी ओट्याशी दुसऱ्या दिवसाच्या दशम्या लाटत होतो. मला म्हणाल्या, महाराज, काठावर गेलो की तू फोडून दे, माझ्या मनगटात आता जोर नाही. मी लगेच नाही म्हणालो. इतक्या लगेच की सगळे माझ्याकडे बघायला लागले. काका म्हणाले, अरे, देवळात रोज दहा फोडत असशील. मी खरं ते सांगितलं, की देवळातले नारळ मामा फोडतात आणि मी स्वयंपाकाला खवलेल्या खोबऱ्याचं फ्रोझन पाकीट आणतो. काका म्हणाले, घ्या, आपला महाराज डुप्लिकेट निघाला. सगळे हसले. काकू हसल्या नाहीत, माझ्याकडे बघत राहिल्या.

गाईड साठीच्या, थोराड बांध्याच्या बाई होत्या, तिथल्याच मूळच्या. पार्कच्या आत जायच्या आधी त्यांनी गाडी थांबवली, खाली उतरून डोंगराकडे तोंड केलं आणि त्यांच्या भाषेत काहीतरी म्हटलं, लांब सुरात. काय म्हटलं ते त्यांनी सांगितलं नाही. एवढंच म्हणाल्या की कोणाच्या घरी जाताना आपण बाहेरून हाक मारतो, तसं. काकूंनी हात जोडले. मग काकांना पुढे करून नारळाचं विचारलं. गाईडबाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, हे तिचं घर आहे. इथे काही ठेवायचं नाही, काही फोडायचं नाही, जाताना खडासुद्धा न्यायचा नाही. लक्ष देऊन बघा, तिला तेवढं पुरतं. काकूंनी नारळ पर्समध्ये परत घातला. थोड्या हिरमुसल्या, पण मान डोलावली.

त्या दिवशी आधी आम्ही जुना, थंड झालेला लाव्हारस पाहिला. अण्णा, तो मैलोन्मैल पसरला आहे, काळा, चकाकणारा. तापवलेल्या दुधावरची साय चमच्याने सारली की चुण्या पडत एका बाजूला गोळा होते, तसाच्या तसा दगड. त्याच्या पलीकडे दुसरा ज्वालामुखी दिसतो. तो इतका मोठा आणि इतक्या संथ उताराचा आहे की डोंगर म्हणून ओळखूच येत नाही. मी बराच वेळ त्याला क्षितिज समजत होतो. गाईडबाई म्हणाल्या, तोही जिवंत आहे, सध्या गप्प आहे. काका म्हणाले, आपला सह्याद्री असाच झाला, थरावर थर. हे मला येत होतं. नववीला 'दख्खनच्या पठाराची निर्मिती' या प्रश्नाला मला पैकीच्या पैकी मार्क होते. पण तो प्रश्न मी पाठ केला होता, हा दगड पातळ होता हे कधी डोळ्यांसमोर आणलं नव्हतं. पन्हाळा, जोतिबाचा डोंगर, आपल्या दाराची पायरी, तुमच्या फाउंड्रीखालची जमीन, सगळं एकेकाळी वाहत होतं. मी खाली वाकून दगडावर तळहात ठेवला. गार होता, पावसाने ओला.

पुढे एका ठिकाणी जमिनीला भेगा आहेत आणि त्यांतून वाफ येते. पावसाचं पाणी खाली झिरपतं, तापलेल्या दगडाला लागतं आणि वाफ होऊन वर येतं, असं गाईडबाईंनी समजावलं. सगळे पुढे जाऊन हात शेकू लागले, काकांचा चष्मा धुक्याने भरला. मी गेलो नाही. मी दहा पावलं मागे उभा राहून बघत होतो. पाणी आत जातंय, आणि नुसती वाफ येतेय, हळू, दिवसभर, कोणालाही काही न होता. मी हे बराच वेळ बघितलं. मागे वळलो तर काकू जवळ उभ्या होत्या.

दुपार कलती झाली तेव्हा आम्ही मुख्य काठावर पोचलो. खाली जे आहे त्याला विवर म्हणतात, पण तो शब्द लहान पडतो. आपला रंकाळा तलाव त्यात कितीदा मावला असता कोणास ठाऊक. तळ काळा, सपाट, आणि एका बाजूला एक तोंड, त्यातून निळसर धूर. काडेपेटीसारखा वास. गाईडबाई म्हणाल्या, हल्ली तो मधूनमधून उसळतो, मग काही दिवस शांत. आज होईल किंवा होणार नाही, तिच्या मनात असेल तसं. मग आम्ही थांबलो. मी दशम्या आणि लसणाची चटणी वाटली. लोकांनी आधी उभं राहून खाल्लं, मग बसून, मग कंटाळून पत्ते काढले. काकू माझ्या शेजारी येऊन बसल्या आणि पदर सारखा करत, जणू भाजीचा भाव विचारावा तसं, म्हणाल्या, "नारळाले काऊन भितो रे तू?"

मी सांगितलं. का सांगितलं ते मला अजून नीट कळत नाही. खाली एवढं मोठं काहीतरी श्वास घेत होतं, आणि त्याच्यापुढे माझी गोष्ट लपवण्याइतकी मोठी वाटली नाही, बहुतेक. मी सगळं क्रमाने सांगितलं, वाळू टाकली तेही, पाटी रंगवली तेही. काकू मध्ये एकदाही अरेरे म्हणाल्या नाहीत. माझं संपल्यावर त्यांनी विचारलं, "त्यानंतर वडील किती वर्षं होते?"

"चार."

"चार वर्षं म्हणजे खूप झाले, राजा." मग म्हणाल्या, "वाळू टाकली ते पंधरा वर्षांचं पोरगं. त्याले मी माफ करून टाकते, माझ्या अधिकारात. पण पुढचे चार वर्षं गप्प बसला त्याचं काय करायचं ते तुझं तू बघ."

आणि पर्समधून नारळ काढून माझ्या मांडीवर ठेवला. उद्या चटणीत घाल, म्हणाल्या, पाकिटातल्या खोबऱ्याला चव नसते. (घातला. दुसऱ्या दिवशी सकाळी सिंकमध्ये फोडला, चार घाव लागले.)

त्यानंतर काही वेळाने त्या तोंडातून रस वर आला. उसळला नाही, नुसता काठोकाठ भरला आणि सांडायला लागला, दूध उतू जातं तसा, पण अगदी संथ. लोक उठून कठड्याशी धावले. मीही गेलो, आणि अण्णा, मला पहिल्यांदा काय दिसलं असेल तर रंग. घरी चुलीतल्या निखाऱ्यावर तुम्ही मला शिकवलं होतं, रस लाल झाला म्हणजे मेला, संत्र्यावर आला म्हणजे थांब, लिंबावर आला की उचल. हा संत्र्यावर होता. काठाकडे पोचेपर्यंत लाल होत होता आणि त्यावर काळी कातडी धरत होती. माझ्या तोंडून निघून गेलं, हा थंड आहे. काका शेजारीच होते. "थंड? महाराज, डोकं ठिकाणावर आहे ना?" मी म्हणालो, ओतायच्या कामाचा नाही, माझे वडील हा परत भट्टीत टाकायला सांगतील. काकांनी ते इंग्रजीत गाईडबाईंना सांगितलं, थट्टेनेच. बाईंनी लाव्हारसाचं तापमान सांगितलं, त्यांच्या मापात. काकांनी ते फोनवर आपल्या मापात केलं आणि विचारलं, तुझ्या वडिलांकडे किती असायचं? भट्टीशेजारच्या फळ्यावर खडूने लिहिलेला तो आकडा मी कसा विसरेन. मी सांगितला. काकांनी दोन्ही आकडे फोनवर पुन्हा ताडून पाहिले. मग थट्टेचा सूर सोडून बाकीच्यांना म्हणाले, अहो, याच्या वडिलांचा रस या लाव्हापेक्षा गरम होता.

गाईडबाईंनी विचारलं, हाताने ओतायचे? मी म्हणालो, हो, निळ्या काचेतून रसाचा रंग बघायचे आणि हाताने ओतायचे, बावीस वर्षं. माझं इंग्रजी तेवढ्यापुरतं आलं. मग कठड्यापाशी त्यांची स्वतःची जागा होती, खांबाशेजारची, तिथे त्यांनी मला उभं केलं.

आणि मग तो वर गेला. कसं सांगू. आधी सांडणं थांबलं, वाटलं संपलं. मग तोंडाशी घुमटासारखं फुगलं, आणि त्या घुमटातून एक खांब उठला, झाडाएवढा, मग देवळाच्या शिखराएवढा, मग ज्याला मी कशाचीच उपमा देऊ शकत नाही एवढा. तो वर जातोय आणि आवाज नाही. आवाज नंतर येतो, अंतर ओलांडून, आणि तो कानाने ऐकू येत नाही, छातीत येतो, कठड्याच्या लोखंडात येतो. वरच्या टोकाला रस फुटतो, त्याचे थेंब होतात, आणि ते थेंब इतके सावकाश खाली येतात की आधी मला वाटलं ते हलके असतील. ते हलके नाहीत, ते घराएवढे आहेत आणि फार दूर आहेत. एवढ्या अंतरावरून कपाळ तापतं. ऊन जाऊन संध्याकाळ झाली होती, पण काळोख झालाच नाही. ढगांचं पोट केशरी झालं आणि मागच्या नेच्यांच्या पानांच्या सावल्या आमच्या पायाशी नाचायला लागल्या. कोणी फोटो काढत नव्हतं. काकांच्या हातात फोन होता, तो खाली लोंबत होता. काकूंनी हात जोडले होते ते कधीतरी आपोआप सुटले, आणि त्या नुसत्या बघत उभ्या होत्या, तोंड थोडं उघडं. वाऱ्याबरोबर सोनेरी केसांसारखं काहीतरी तरंगत आलं, काचेचे धागे, रस हवेत ताणला जाऊन झालेले. गाईडबाई हळू आवाजात म्हणाल्या, हात लावू नका, तिचे केस आहेत. किती वेळ गेला ते कोणालाच सांगता आलं नाही. गाडीकडे परतताना काकांनी कोणाचीही थट्टा केली नाही, आणि आमच्या गटात तसं कधी होत नाही.

हवाईहून आल्यावर पहिल्याच रविवारी मी आईला फोन केला आणि सगळं सांगितलं. तिने एकच विचारलं, वाळू टाकलीस? मी हो म्हणालो. तिने फोन ठेवला. दोन दिवस उचलला नाही. तिसऱ्या दिवशी तिचाच आला. ती रिक्षा करून कारखान्यात गेली होती, अण्णा. तुम्ही गेल्यापासून पहिल्यांदा. जेवणाची सुट्टी होती, तुमच्या वेळचे दोघंच उरलेत. त्यांच्यासमोर आणि नव्या पोरांसमोर उभं राहून तिने सांगितलं की त्यांचा साचा कोरडा हुता, पाणी आमच्या पोराच्या हातनं गेलं. जुन्यांपैकी एकजण म्हणाला, वहिनी, मला तवाच पटलं नव्हतं, त्यांचा साचा कधी वला ऱ्हायचा न्हाई. एवढं सांगून आईने मला विचारलं, जेवलास का. माझ्यावर ती रागावली आहे की नाही ते मला कळलं नाही. विचारायचं धाडस झालं नाही.

हे पत्र कुठे पाठवायचं नाही. पाकीट आणलं नाही, पत्ता लिहायचा प्रश्न नाही. लिहून झाल्यावर दोनदा वाचलं आणि दोन वेलांट्या सुधारल्या. वाचताना वाटत होतं की ज्वालामुखीच्या वर्णनात एक वाक्य घालावं, की त्या क्षणी तुम्ही माझ्या शेजारी उभे आहात असं वाटलं. वाचायला ते चांगलं वाटलं असतं. पण तसं झालं नाही. तो वर गेला तेव्हा मला तुमची आठवण नव्हती. तुमची नव्हती, त्या दिवसाची नव्हती, वाळू टाकणाऱ्या माझ्या हाताचीही नव्हती. अकरा वर्षांत असं कधी झालं नव्हतं. मी नुसता बघत होतो, अण्णा, आणि मला फार आनंद होत होता.